पायपुसण्यावरची भूमिका

मी एक जुना काळ्या बुटांचा जोड आहे, मित्रांनो. स्तुरे नावाच्या नटाने एकतीस वर्षं मला वापरलं. तो पोस्टमन झाला, पाद्री झाला, दोनदा तळ्यातलं प्रेतही झाला. कपडे कंपनीचे, बूट मात्र घरचे, हा त्याचा हट्ट. रस्त्यात एका बाईने त्याला दातांचा जुना डॉक्टर समजून खुशाली विचारली, तेव्हा यानेही तिच्या दाढेची चौकशी केली.

मागच्या दोन सिनेमांत त्याचं काम कापलं गेलं होतं. मग दूर उत्तरेतल्या लुलेओ शहराजवळच्या एका गावात त्याला पोलिसाची भूमिका मिळाली. मुलगा बर्फाखाली बुडाला, हे त्याच्या आईला घरी जाऊन सांगायचं. वाक्यं दोनच. हिवाळ्यात तिथे दुपारी दोन वाजताच उजेड संपतो. दिग्दर्शिका अन्नेलीने सकाळीच बजावलं होतं, की एका फटक्यात जमलं नाही तर ही बातमी आईला फोनवर येईल आणि पोलिसाचं कामच कापलं जाईल.

स्तुरेने दार वाजवलं. आईचं काम करणाऱ्या गुनवोरने उघडलं. आणि आमच्याकडे कुणीही करतो तेच तो करून बसला. वाकून नाड्या सोडल्या, मला काढून पायपुसण्यावर नीट ठेवलं. मी गारठलो. पोलिसाने बुटांसकट आत जायचं ठरलं होतं. त्यातून नाड्यांची गाठ सुटायलाही वेळ लागला होता. त्या वाकलेल्या डोक्याकडे बघताबघता गुनवोर भिंतीला धरून खाली बसली. मोजे घातलेल्या पायांनी तो जवळ गेला आणि इतक्या हळू बोलला, की मला काहीच ऐकू आलं नाही. एवढ्याशा कामात एवढं मावतं, हे मला तोवर माहीत नव्हतं.

"पोलीस बूट काढत नाहीत, स्तुरे," अन्नेली म्हणाली.

तो कानापर्यंत लाल झाला. "सवय गं. कुणाच्या घरात बूट घालून कसा जाऊ?"

गुनवोर डोळे पुसत म्हणाली, "तो वाकला तेव्हाच मला कळलं, माझा पोरगा गेला. हे कापलंस तर मला पुन्हा बोलावू नकोस."

बाहेर अंधारलं होतं. पुन्हा करायला उजेड नव्हता, म्हणून ते दृश्य सिनेमात तसंच राहिलं.

सिनेमागृहात स्तुरे मला घालूनच बसला होता. पडद्यावर त्याचा चेहरा आला, मग मी आलो, बर्फ गळत असलेला. त्याने पायाची बोटं घट्ट आवळली. तो रडत होता, हे फक्त मला कळलं.

आता तो नाही. त्याची मुलगी मला दाराशी ठेवते, अधूनमधून पॉलिश करते. मित्रांनो, आपल्या बुटांना जपा. आणि सिनेमात दार वाजलं, की आत येणाऱ्याच्या पायांकडेही एकदा बघा. तिथे कुणाची तरी एकतीस वर्षं उभी असतात.