सुटलेला खेकडा

“सांगितलं तर कुणी इश्वास ठेवायचं न्हाय,” म्हणत धोंडीबानं ओसरीच्या दारात काठी आडवी धरली, “पर आपल्या सैपाकघरात नाग बसलाय. पिठाच्या डब्यावर. माझ्या मांडीएवढा!”

देवळातून लवकर परतलेली त्याची बायको मथुराबाई उंबऱ्यावरच थबकली. हातातलं प्रसादाचं खोबरं तिनं घट्ट धरलं, तसा अंगठ्यावरचा जुना वण, इळा लागल्याचा म्हणून ती सांगायची तो, पांढरा पडला.

आत सून निकितानं श्वास रोखला. नाग नव्हताच. होता तो खेकडा, आणि तो सापडत नव्हता.

सोमवारी सोलापूरच्या एका हॉटेलात तिला खेकडा आणि अवोकॅडोचं सॅलड करून दाखवायचं होतं. जमलं तर नोकरी. पण या घरात मटण-मासळी शिजायची ती अंगणातल्या चुलीवर, वेगळ्या भांड्यांत. मागे निकितानं आतल्या ओट्यावर अंडं फोडलं, तेव्हा सासूनं बजावलं होतं, “पुन्यांदा असं झालं तर नोकरीचं नाव काढायचं न्हाय.” मथुराबाईच्या माहेरी म्हणे असलं कुणी शिवतसुद्धा नसे.

आज वाऱ्यानं बाहेरची चूल पेटेना, म्हणून सरावाचं सॅलड तिनं आतच केलं. मथुराबाई दिवस कलल्याशिवाय येणार नाही, असं धोंडीबानंच छातीठोकपणे सांगितलं होतं. खेकडेही त्यानंच बोरी नदीतून आणले होते. नांग्या नदीवरच मोडायची रीत. पण ताजे हवेत म्हणून निकितानं त्या मोडू दिल्या नव्हत्या.

ओट्यावर बशी तयार होती. वाटीत दाबून अलगद उपडं केलेलं सॅलड: खाली अवोकॅडोच्या हिरव्या फोडी, वर लिंबू-मिरपूड लावलेलं खेकड्याचं पांढरं मांस, आणि कोथिंबिरीचं एकच पान. एवढं देखणं, की लपवायला हात धजेना. घमेल्याखाली राखून ठेवलेला शेवटचा खेकडा मात्र निसटला होता. निकितानं डबे हलवले, देव्हाऱ्यामागं पाहिलं.

“फणा केवढा?” बाहेरून मथुराबाईचा आवाज आला.

“सुपाएवढा! म्या म्हनलं, नागोबा, मालकीण येतीय, वाट सोडा. तर मान हलवून न्हाय म्हनला.”

“आन् पोरगी?”

“ती… ती ओट्यावर चढून बसलीय. हलू नको म्हनून म्याच सांगितलंय.”

कर्र. आत कुठंतरी भांड्यावर नख घासल्यासारखा आवाज झाला. निकिताच्या हातून चमचा पडला.

मथुराबाई काठीखालून वाकून सरळ आत आली. निकिता भिंतीला टेकली. तिनं ओढणीचं टोक बशीवर ओढायला हात उचलला, पण तो अर्ध्यातच राहिला.

सासूनं बशीकडं पाहिलं. खोबरं देव्हाऱ्यात ठेवलं. मग कान देऊन क्षणभर उभी राहिली, मोरीपाशी गेली आणि घंगाळ सरकवून मागच्या ओलीत हात घातला. हात बाहेर आला तेव्हा दोन बोटांत पाठीकडून धरलेला खेकडा हवेत नांग्या मारत होता.

“पाण्याकडंच पळतंय ते,” ती म्हणाली. “आन् धरायचं मागनं. सोमवारी तिथं जितं हातात दिलं तर अशीच भिताडाला चिकटून उभी राहनार व्हय?”

निकितानं नकारार्थी मान हलवली.

“ती बशी अंगणात ने. सैपाकघर मातुर तूच धुवायचं.”

“मथुरे, जरा जपून,” धोंडीबा दारातून म्हणाला. “नाग अजून डब्यामागंच असंल.”

खेकड्याची एक नांगी वळून मथुराबाईच्या अंगठ्याशी आली, तसं तिनं सवयीनं बोट आत घेतलं. नांगीचं उघडं तोंड वणाच्या अगदी शेजारी थांबलं. वणही तेवढाच रुंद.

धोंडीबा पुढं वाकला. काठी त्याच्या हातातून सुटली.

“हा इळ्याचा वण न्हाय,” तो ओरडला. “लगीन झाल्यापासनं खोटं बोलतीयास तू!”