बाजूला ठेवलेल्या पाच काकड्या

काकडीच्या एका पातेल्यातून करिश्माच्या पदरात काय काय पडणार, याचा अदमास तानुबाईनं शुक्रवारच्या चहालाच बांधला होता. सासऱ्याची जीभ खूश होणार, हा वरवरचा लाभ. जीभ खूश असली की माणूस ‘नाही’ म्हणत नाही, हा त्याच्या आतला. आणि वामनरावानं ‘नाही’ म्हटलं नाही, की शेखर आणि करिश्मा गाद्या-गिरद्यांसकट अकोल्याला, हा खरा.

शेखर हा तानुबाईचा एकुलता एक. ठिबकच्या नळ्या विकणाऱ्या कंपनीत होता, तिवशाहून रोज अमरावतीला जाऊन-येऊन करायचा. आता कंपनीनं अकोल्याची जागा देऊ केली होती आणि हो की नाही ते सोमवारी कळवायचं होतं. शेखर बापाच्या शब्दाबाहेर आजवर गेला नव्हता, म्हणजे सगळं गाडं वामनरावाच्या तोंडून काय निघतं यावर अडलेलं. करिश्माचं माहेर अकोल्याचं. दोन आणि दोन चार करायला तानुबाईला पाटी लागत नव्हती.

त्यात करिश्मानं कप विसळता विसळता म्हटलं, “आई, उद्या मारुतीच्या नैवेद्याची काकडी मी करू? दहा मिनिटांचं तर काम आहे.”

चार वर्षांत या पोरीनं आपणहून काही मागितलं नव्हतं. कधीच न मागणारं माणूस एकदा मागतं तेव्हा मोठंच मागतं, असा तानुबाईचा अनुभव. वरून काकडी म्हणजे वामनरावाचा जीव की प्राण.

“कर ना माय,” तानुबाई म्हणाली. “तुले कोण नाही म्हणते?”

नाही म्हणायचं नाही, डोळा ठेवायचा, हे तिचं ठरलं होतं.

शनिवारी सकाळी सगळे वावरात जमले. धुऱ्यावरच्या, म्हणजे बांधावरच्या, निंबाखाली मारुती होता आणि चैत्रातल्या एका शनिवारी त्याला कणकेच्या जाड रोडग्याचा नैवेद्य ही या घरची जुनी रीत. गोवऱ्यांच्या आरात रोडगे भाजायचं काम वामनरावाचं, त्याला कोणी हात लावायचा नाही. वांग्याची भाजी चुलीवर रटरटत होती. वामनरावाचा चुलतभाऊ रामराव खाटेवर बसून कालची पंचायत पुन्हा भरवत होता. मांडवावरच्या काकड्या तोडणाऱ्या बायांची मुकादम जयवंताबाई कणीक तिंबत होती. आणि रीतीतली एक मोठी कडक अट अशी, की देवाला दाखवायच्या आधी कशाची चव बघायची नाही. मीठसुद्धा नजरेनं. चव बघितली की नैवेद्य उष्टा.

करिश्मानं काकड्यांची टोपली उचलली आणि चुलीजवळ न बसता विहिरीकडं चालली.

“तिकडे काहून वं?”

“धुऊन घेते, आई.” मग दोन पावलं जाऊन ती थांबली. “मागच्या आठवड्यात मोटर बंद होती ना? वेलांना पाणी नव्हतं मिळालं?”

“का वं? आमच्या मालात खोट काढून राहिली काय?”

“नाही, सहज विचारलं.”

सहज! जगात सहज काही होत नसतं, हे तानुबाई लग्नाच्या आधीपासून जाणून होती. करिश्मा विहिरीजवळ पाठ करून बसली ती चांगला वेळ बसली. धुवायला एवढा वेळ? मग चूळ भरल्याचा आवाज आला. काकड्या धुताना चूळ कशाला भरावी लागते? तानुबाईनं ही शंका जपून ठेवली, पुढं कामी येईल म्हणून.

आल्यावर मात्र पोरीचा हात बघण्यासारखा चालला. काकडी सोलून तळहातावर आडवी धरायची, सुरीनं तिच्यावर उभे बारीक घाव घालायचे, काकडी फिरवत राहायचं, आणि मग वरचा थर तासून खाली पाडायचा. पातेल्यात काकडीचा नुसता चुरा साचत होता. त्यावर मीठ, साखरेची चिमूट, ठेचलेली हिरवी मिरची, किसलेलं आलं आणि दोन लिंबं. हलवलं, ताट झाकलं, आणि पातेलं माठाखालच्या ओल्या रेतीत दाबून ठेवलं.

“कूट नाही टाकत काय वं?” जयवंताबाईनं विचारलं.

“आधी मुरू द्यायचं, मावशी. पाणी सुटलं की मग कूट आणि फोडणी. आधीच टाकलं तर लगदा होतो.”

“बाप्पा! अन् काय बारीक चोचवते तुही सून, तानुबाई! आमी तर विळीवर चकत्या पाडतो, घाल मीठ अन् हो मोकळी.”

“अकोल्याची हाय ना,” तानुबाई म्हणाली. “तिकडे सगळं बारीकच करतात. मनात काय हाय तेसुद्धा.”

जयवंताबाई हसली, करिश्मा हसली नाही. थोड्या वेळानं फोडणी बसली, मोहरी तडतडली, हिंगाचा वास सुटला, कूट पडलं. आणि तेवढ्यात तानुबाईनं जे बघायचं होतं ते बघितलं. करिश्मा पातेल्यावर वाकली होती आणि तिचं तोंड हलत होतं. गालाच्या आत काहीतरी होतं.

चाखली! देवाच्या आधी!

तानुबाई ओरडली नाही. ओरडली असती तर पोरीनं डोळ्यांत पाणी आणलं असतं, म्हाताऱ्यानं ‘जाऊ दे’ म्हटलं असतं. करिश्मा पत्रावळी आणायला गाडीकडं गेली तशी ती उठली. दुसरी काकडी करायची तर काकड्या हव्या. टोपली रिकामी. पण टोपलीमागं ओल्या फडक्याखाली काहीतरी होतं. तिनं फडकं उचललं. पाच काकड्या! कोवळ्या, हिरव्यागार, एकीसारखी दुसरी. देठाकडचा इवलासा काप तेवढा काढलेला.

आता तर तानुबाईच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. उद्या रविवार, करिश्माचा अकोल्याला माहेरी जाऊन यायचा ठरलेला दिवस. चांगला माल निवडून माहेरासाठी झाकून ठेवला आणि देवाला उरलंसुरलं! देठ कापले ते प्रवासात टिकावं म्हणून असणार. शहरातल्या लोकांच्या तऱ्हा.

“जयवंता, हे पातेलं घे अन् तोडणीच्या बायाइले वाढजो.”

“देवाले?”

“देवाचं मीच करीन.”

देवाला जे चालत नाही ते माणसाला चालतं, आणि तोडणीच्या बायांना तर चालतंच, असा तानुबाईच्या धर्मात एक बारीक अक्षरातला नियम होता. ती विळीवर बसली. देठाकडून आणखी एक तुकडा कापून तो काकडीच्या तोंडाशी नेमानं घासला. पांढरा फेस आला, खूप आला. जेवढा फेस तेवढा कडूपणा निघाला, या समाधानात तिनं पाचही चिरल्या. मीठ, लिंबू, कूट. चव अर्थातच बघितली नाही. नैवेद्य दाखवला, नारळ फुटला, पंगत बसली.

“रामभाऊ, आज काकडी आमच्या सुनेच्या हातची हाय बरं,” वामनराव मोठ्यानं म्हणाला. “वाढ वं, दोन डाव वाढ.”

तानुबाईनं दोन डाव वाढले.

रामराव बोलत होता, “मी त्या सरपंचाले म्हटलं, हे बघ गा...” आणि घास तोंडात गेला. पुढं सरपंचाला काय म्हटलं ते आजतागायत कोणाला कळलं नाही. रामरावाचं वाक्य अर्ध्यात तुटलेलं गावानं पहिल्यांदा पाहिलं. प्रसाद थुंकता येत नाही, पानात टाकता येत नाही. त्यानं डोळे मिटले आणि गिळलं. वामनरावानं घासामागून घास घेतले आणि त्याच्या डोळ्यांतून पाणी येत होतं.

“बाप्पा रे!” शेखर म्हणाला. “काकडी हाय की कडुनिंब? करिश्मा, एक काम मागून घेतलं, तेही...”

करिश्मानं आपल्या पत्रावळीतली फोड उचलून बघितली. जाड, विळीवरची. तिनं मान वर करून तानुबाईकडं बघितलं. एकदाच.

एक शब्द बोलायची वेळ होती ती. पण तानुबाईला त्या क्षणी एवढंच दिसलं, की आळ सुनेवर जाऊन राहिलाय, सासरा नाराज होऊन राहिलाय, आणि अकोला आपोआप लांब चाललंय. न मागता जमून आलेला सौदा कोण मोडतं? तिनं रोडग्यांची टोपली उचलली. “रोडगा घ्या, रोडगा. तूप वाढू?”

“चुकलं बाबा माझं,” करिश्मा म्हणाली.

आता तानुबाई खरी घाबरली. न केलेल्या चुकीची कबुली देणाऱ्या माणसाइतकं संशयास्पद दुसरं काही नसतं. हिचा डाव आहे तरी काय?

डाव कळायच्या आत बायांच्या पंगतीकडून जयवंताबाई रिकामं पातेलं घेऊन आली. “अवं करिश्मा, काकडी अजून हाय काय? बाया पातेलं चाटून राहिल्या, बाई! अशी तर लग्नातसुद्धा खाल्ली नाही.”

वामनरावानं त्या पातेल्याकडं बघितलं, मग आपल्या पत्रावळीकडं. “तानू, हे कोणी केलं?”

“मी,” तानुबाई म्हणाली, आणि लगेच, “पण हिनं नैवेद्य उष्टा केला होता! पातेल्यावर तोंड हलवून राहिली होती, मी माह्या डोयांनी बघितलं! अन् पाच काकड्या माहेरासाठी लपवल्या होत्या!”

“तो गूळ होता, आई,” करिश्मा म्हणाली. “पाणी तुटलेल्या वेलाची काकडी कडू निघते. विहिरीजवळ एकेकीच्या देठाचा काप चाखला, तो टाकून दिला, चूळ भरली, आणि मगच सुरीला हात लावला. पाच कडू निघाल्या, त्या गाईसाठी बाजूला ठेवल्या होत्या. जीभ सगळी कडू झाली होती म्हणून गुळाचा खडा ठेवला तोंडात.”

“मग विचारलं काहून नाही तू?” वामनरावानं बायकोला विचारलं.

“मले वाटलं...”

“तुले वाटतच असते.”

शेखर खाली बघून रोडगा कुस्करत होता. रामरावानं पाण्याचा तांब्या पुन्हा तोंडाला लावला.

“बाबा,” करिश्मा म्हणाली, “आज जेवणानंतर तुमच्याकडं एक मागणार होते मी. यांना अकोल्याला जाऊ नका म्हणून सांगा, असं. हे माझं ऐकत नाहीत. मला इथं मांडवाशेजारी रोपवाटिका टाकायची होती.”

तानुबाईच्या हातातलं तुपाचं भांडं तिरपं झालं ते तसंच राहिलं.

“मग माग ना, बेटा,” वामनराव म्हणाला. “माग. आता सांगतो मी त्याले.”

करिश्मानं पानातली ती जाड फोड तोंडात घातली, चावली आणि गिळली. प्रसाद होता.

“नाही बाबा. आता नाही मागत.” ती शेखरकडं वळली. “येतो म्हणून सोमवारी कळवून टाका.”

“करिश्मा, माय, ऐक ना...” तानुबाई म्हणाली. पण पोरगी पत्रावळ उचलून विहिरीकडं गेलीसुद्धा, आणि या खेपेला तिची पाठ बघून तानुबाईला कुठलीच शंका आली नाही.

त्या दुपारचं देणं असं चुकतं झालं. रामरावानं एक घास आणि अर्धं वाक्य दिलं. वामनरावानं पत्रावळभर कडू गिळलं आणि हाताशी आलेली सून घालवली. करिश्मानं रोपवाटिका दिली. शेखरला जायचंच होतं. त्याला फुकटात मिळालं. आणि तानुबाईनं, जिला फक्त पोरगा घरात ठेवायचा होता, पोरगा दिला, सून दिली, आणि तिच्याकडं कोणी काही मागितलं नसताना दिलं.