आक्काचा ढीग

चिमणीला मामांनीच लहानाचं मोठं केलं. तिचे आईवडील गेले तेव्हा बाकीचे नातेवाईक डोळे पुसून आपापल्या गाडीत बसले. एकट्या मामांनी तिची पिशवी उचलली. त्यामुळे शिक्षण संपल्यावर ती त्यांच्याच संशोधन केंद्रात मदतनीस झाली याचं कुणाला नवल वाटलं नाही. केंद्र म्हणजे जंगलाच्या कडेला मामामामींचं चार खोल्यांचं घर आणि मागे जाळी मारलेला झाडीचा तुकडा. त्यात रानकासवं. मामांची हयात त्यांच्या मागे फिरण्यात गेली होती.

हे कासव तळ्यातलं नव्हे. ओल्या, काळोख्या रानात राहणारं, थोराड, अळंबी आणि कोवळी पानं खाणारं. इतर कासवांच्या माद्या खड्डा करतात, अंडी घालतात, माती लोटतात आणि चालू लागतात. ही मादी उलटी उलटी चालत पायांनी पाचोळा ओढून आणते, त्याचा गुडघाभर ढीग करते, त्यात अंडी घालते आणि वर ठाण मांडून बसते. कुणी जवळ आलं तर ढकलते, चावते. केंद्रातल्या सगळ्यात म्हाताऱ्या मादीचं नाव चिमणीने आक्का ठेवलं होतं, कारण ती कुणाला वाट देत नसे. समोरच्यालाच बाजूला व्हावं लागे.

त्या वर्षी आक्काने ढीग केला आणि मामा म्हणाले, "चिमणे, अंडी काढून घे."

"कशाला, मामा?"

"ती अंड्यांसाठी बसते की ढिगासाठी, ते कळायला नको?"

दोघांनी मिळून आक्काला उचलून बाजूला ठेवलं. चिमणीने प्रत्येक अंड्यावर पेन्सिलीने वरच्या बाजूची खूण केली. कासवाचं अंडं उलटंपालटं झालं तर आतलं पिल्लू मरतं. मामांनी टोपली उचलली, "उबवणीच्या पेटीत ठेवतो," म्हणाले आणि घरात गेले.

आक्का रिकाम्या ढिगावर परत चढली ती उतरेचना. चिमणीने समोर टाकलेल्या अळंब्यांकडे तिने ढुंकूनही पाहिलं नाही. रोज ते बघून चिमणीच्या घशाखाली घास उतरेना. मग एकदा मामा कामासाठी शहरात गेले, तेव्हा तिने पेटी उघडली आणि खुणा वर राहतील अशी जपून एकेक अंडं ढिगात परत ठेवलं. आक्का तिच्या मनगटाला कडकडून चावली. तरी त्या दिवशी चिमणी पोटभर जेवली.

मामा परतले. ढिगाकडे बघून म्हणाले, "हलवलेला दिसतोय."

"मी ठेवली अंडी परत. रागवा हवं तर."

मामांनी तिच्या डोक्यावरून हात फिरवला. "आईवर गेलीस अगदी."

एरवी काही दिवसांनी मादी कंटाळून उठून जाते. आक्का उठली नाही. आठवडे गेले, ढिगाला वास मारू लागला आणि त्या वासावर एक घोरपड जाळीखालून आत शिरली. आक्काने तिला छातीने रेटलं. घोरपडीने बगल देऊन नखं चालवली. चिमणी काठी घेऊन धावली, तर मामांनी तिचा दंड धरला.

"मध्ये पडायचं नाही. बघ आणि लिही."

"मामा, डोळा गेला तिचा."

"जंगलात कोण जातं काठी घेऊन?"

घोरपड शेवटी हटली. आक्का एका डोळ्यातून रक्त गाळत ढिगावर बसून राहिली. चिमणी हात धुवायला स्वयंपाकघरात आली, तर मामी नाकाला पदर लावून खिडकी बंद करत होती.

"त्या अंड्यांचाच ना गं वास? मी यांना तेव्हाच म्हटलं, आधी फ्रीजरमध्ये आणि मग पेटीत, ही काय तऱ्हा? माझा सगळा मटार बाहेर राहिला."

चिमणी ओल्या हातांनी तशीच मामांच्या खोलीत गेली. "मी ठेवली ती अंडी मेलेली होती?"

"हो. मेलेल्या अंड्यांवर ती किती बसते, ते बघायचं होतं."

"मग मला सांगायचं होतंत."

"सांगितलं असतं तर इतक्या हलक्या हाताने ठेवली असतीस? मी ठेवली असती तर ढिगाचा विचका झाला असता." लहानपणी गणित समजावत तशाच आवाजात ते बोलत होते. "तू ठेवणार याची खात्री होती. मी वाढवलंय तुला."

तिला जायला दुसरं घर नव्हतं. मामांनी लेख सांगितला, तिने टाइप केला. आभारात तिचं नाव आलं. पानं छापून आली तेव्हा मामांनी सगळ्यांना आइस्क्रीम आणलं, आणि तिने वाटी पुसून खाल्लं.

पुढच्या हंगामात आक्काने पाचोळ्याला पायही लावला नाही. पाण्याच्या टाकीजवळ उघड्या फरशीवर तिने अंडी टाकली आणि मागे न बघता झाडीत निघून गेली. घोरपड आली. चिमणी जाळीला टेकून उभी होती, काठी हाताशी होती. घोरपडीने एकेक करून सगळी अंडी फोडून गिळली; चिमणी जागची हलली नाही.

मामा धापा टाकत आले. फरशीवरचा चिकटा बघून त्यांचे डोळे चमकले. "ढीगच केला नाही? असं कुणी नोंदवलेलं नाही, चिमणे. लिहून घे, लवकर."

"लिहिलंय," ती म्हणाली आणि फरशी धुवायला पाइप आणायला गेली.