पाच वाजताची चव

मला बोलावतात ते घर पेटल्यावर. त्याआधी कुणाला माझी आठवण येत नाही. अडचणीत सापडलेल्या कंपन्यांना झटपट निर्णय घ्यायला मदत करणं हा माझा धंदा. पण झटपट म्हटलं की माणसं आधी खुर्च्या ओढून बसतात. म्हणून मी पोचल्या पोचल्या खुर्च्या बाहेर काढायला लावते.

त्या सकाळी आठ वाजता डेअरीच्या ऑफिसात आम्ही चौघं उभे होतो: मालक असलेले दोघे भाऊ, पिशव्या भरायच्या यंत्रांवरचे काका आणि मी. सातपासून तीन गिऱ्हाइकांचे फोन आले होते. दूध विचित्र लागतं, जीभ चुरचुरते. रात्री नळ्या धुवायला कॉस्टिक सोड्याचं पाणी सोडतात, तेच दुधात उतरलं असणार, असं धाकट्याचं म्हणणं. पाचला निघालेल्या गाड्या गावभर पोचल्या होत्या. मुलांच्या दवाखान्यात साडेआठला वॉर्डात दूध वाटतात, हे तिघांनाही ठाऊक होतं.

थोरला मात्र प्रयोगशाळेचा अहवाल येईपर्यंत, म्हणजे दहापर्यंत, थांबायचं म्हणून अडून बसला होता. त्याच्या हातात चवीची वही होती. या डेअरीची रीतच तशी होती. पाचला प्रत्येक यंत्राची पहिली पिशवी फोडायची, काकांनी घोट घ्यायचा, सही करायची आणि मगच गाड्या सोडायच्या. तीस वर्षांत काकांची जीभ चुकली नव्हती. आजही तिन्ही यंत्रांपुढे सही होती. एवढं असताना गावभर बोंब मारून वडिलांचं नाव मातीत घालायचं का, असं त्याने विचारलं आणि धाकट्याला लहानपणापासूनचा घाबरट ठरवून टाकलं. धाकटाही मग जुनंपुराणं उकरू लागला.

आठ वाजून दहा मिनिटं झाली होती. माझं डोकं फिरलं. तुमची भांडणं नंतर निवांत मांडा, मी ऐकायलाही येणार नाही, असं मी सुनावलं. मग माझा नेहमीचा प्रश्न काढला. मी मत विचारत नाही. मतं माणूस पाहिजे तेवढी देतो.

"सातपासून तुम्ही काय काय केलंत, तेवढंच सांगा. का केलंत, ते नको."

थोरल्याने प्रयोगशाळेला आणि वकिलाला फोन केला होता. धाकटा यंत्रांच्या झडपा तपासून आला होता. काका जमिनीकडे बघत होते. त्यांचा एक गाल सुजलेला होता आणि इतका वेळ मी तो पाहूनही पाहिला नव्हता, याचा मला अजून राग येतो.

"घरी फोन केला," ते म्हणाले.

माझाच नियम मी मोडला. "कशाला?"

"आजची पिशवी फोडू नका म्हणून. नात दूध पिते."

मग काकांनीच सांगून टाकलं. आदल्या संध्याकाळी दाढ काढली होती. तोंडात कापसाचा बोळा होता, घोट घेतलाच नव्हता. हाताने सवयीने सही केली होती. सातला पहिला फोन आला तेव्हाच त्यांनी घरचा नंबर लावला होता.

थोरल्याने वही मिटली. त्याच्याकडे आता धरून ठेवायला काही उरलं नव्हतं. धाकट्याला त्याने सगळ्या गाड्या परत बोलवायला सांगितलं आणि दवाखान्याचा नंबर स्वतः फिरवला. पलीकडच्या नर्सला त्याने आडपडदा न ठेवता सगळं सांगितलं. दूध तापवून पेल्यांत ओतून झालं होतं. ट्रे वॉर्डाच्या दारात होता.

ट्रे परत फिरला. मला आता बसायचं होतं आणि खुर्च्या मीच बाहेर काढायला लावल्या होत्या.

काका जागचे हलले नव्हते. त्यांच्यावर ओरडायचं मी मनात योजलं होतं, पण त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि ते राहूनच गेलं.

"ताई," ते म्हणाले, "घरी फोन लावायला मला अर्धं मिनिटही लागलं नव्हतं."