रेवाल चाल

संध्या मॅडमनी फळ्यावर ‘अँबल’ लिहून अर्थ सांगितला आणि कामिनीचा हात सगळ्यांत आधी वर गेला. आज त्याचा अर्थ रमतगमत चालणं. मूळ लॅटिनमध्ये नुसतंच ‘चालणं’. पण इंग्रजीत तो आला घोड्याची चाल होऊन: आधी एका बाजूचे दोन्ही पाय उचलायचे, मग दुसऱ्या बाजूचे.

“मॅडम, ही तर आमच्या हरणी घोडीची रेवाल चाल.”

वर्ग हसला. मॅडमनी कौतुकानं मान हलवली. “अँब्युलन्सही त्याच घरातला शब्द बरं का.”

कामिनी गपकन खाली बसली. उन्हाळ्यात अँब्युलन्समधून गेलेले आबा परत आले ते डावी बाजू गमावूनच. मग पप्पांनी ठरवलं, सारंगखेड्याच्या जत्रेत हरणी विकायची. दिवस मावळेपर्यंत गिऱ्हाईक नाही लागलं, तरच ती घरी येणार.

जत्रेच्या सकाळी आबांनी उजव्या हातानं कामिनीचं मनगट धरलं. “तिनी चाल कोनले दखाडू नको, बेटा. घर येऊ दे तिले.”

उभ्या हरणीकडे दिवसभर कोणी फिरकलं नाही. उन्हं कलली, कामिनीचा जीव भांड्यात पडू लागला. तेवढ्यात घोड्यांचे व्यापारी पितांबरशेठ आले. दोरी धरून त्यांनी हरणीला चार पावलं चालवलं.

“पाय कसा टाकस ही? लंगडी शे ना, भो.”

कामिनीला राहवेना. “लंगडी नाही, काका. याला अँबल म्हणतात.”

“आते घोडीबी इंग्रजी शिकनी का?”

आजूबाजूचे खो खो हसले. कामिनीनं चहाच्या टपरीवरून पाण्याचा पेला काठोकाठ भरून घेतला, टांग टाकली आणि हरणीला भरधाव रेवाल सोडलं. नदीच्या उतारापर्यंत जाऊन परत. माणसं बाजूला होऊन बघत राहिली. पेला तसाच भरलेला. तो तिनं ऐटीत शेठच्या हातात दिला.

शेठनी तो गटागट पिऊन टाकला आणि पप्पांच्या हातावर रुमाल टाकला. रुमालाखाली बोटं दाबून भाव ठरला, तेव्हा कुठे तिला आबांचं बोलणं आठवलं.

“पप्पा, नको.”

“व्हयना सौदा. तूच कया ना.”

घरी लगाम तेवढा आला. टापा ऐकू आल्या नाहीत, तेव्हाच आबांना कळलं होतं.

“चाल दखाडी?”

“हो, आबा.”

“पानी सांडनं?”

“थेंबभरही नाही.”

आबांनी मान हलवली, वर्गात मॅडमनी हलवली होती तशीच. मग त्यांना भिंतीकडे वळायचं होतं. डावी बाजू काही उचलेना. कामिनीनं त्यांचा हात आणि पाय एकदमच उचलून दिला.