म्हाताऱ्यामागचं गाव

आमच्या मंडळाच्या दिवाळीत किल्ला स्पर्धा असते आणि तिच्यात सलग चार वर्षं पहिला नंबर आमचा. कुणी विचारलं नाही तरी मी हे सांगतो. इथे अमेरिकेत, ट्रॉयमध्ये, वर्षभर मी गाड्यांचे ब्रेक तपासतो. पण ऑक्टोबर लागला की आमची गाडी बाहेर थंडीत आणि गॅरेजमध्ये माती. राजगड, तोरणा, प्रतापगड, पुन्हा राजगड. यंदा रायगड ठरला होता.

तो अनिकाने कॅन्सल केला. अनिका माझी मुलगी, वय अकरा, हट्ट बापाचा.

"बाबा, यंदा ओदील आजींचं गाव करायचं. शी इज लीव्हिंग."

ओदील आजी आमच्या शेजारच्या. वय चौऱ्याऐंशी. साठ वर्षांपूर्वी लग्न करून फ्रान्समधून इथे आल्या त्या आल्याच. आता घर विकलं होतं आणि दिवाळीनंतरच्या सोमवारी मुलगा त्यांना ॲरिझोनाला नेणार होता. शाळा सुटल्यावर अनिका त्यांच्याकडेच असते, त्यामुळे आल्प्समधलं कोंब-ओत नावाचं ते गाव तिला माझ्या वाईपेक्षा जास्त पाठ.

"चाळीस घरांचं गाव! तिथे एखादी लढाई तरी झाली का?" मी आजींना विचारलं.

आजींनी मला समोर बसवलं. गाव डोंगरउतारावर, सूर्याकडे तोंड करून. खाली नदी. नदीपलीकडे, गावाच्या अगदी समोर, एक उंच डोंगर. गावकरी त्याला 'म्हातारा' म्हणत. हिवाळ्यात सूर्य म्हाताऱ्याच्या डोक्यावर चढतच नाही. नोव्हेंबरपासून फेब्रुवारीपर्यंत, सत्त्याऐंशी दिवस, गाव सावलीत. बर्फात शेती नाही, मग लोक काय करणार? शिकत बसले. पुढे तर हिवाळा आला की गावातली माणसं खालच्या मुलखात मास्तरकी करायला जाऊ लागली. तिथल्या जत्रेत मास्तर शोधणाऱ्यांना ओळखू यावं म्हणून टोपीत पिसं खोचायची. लिहिणं-वाचणं शिकवणाऱ्याला एक, गणितही येत असेल तर दोन, लॅटिन आलं तर तीन.

"माझ्या खापरपणजोबांच्या टोपीत तीन होती," आजी ताठ बसून म्हणाल्या.

विद्येच्या जोरावर घर सोडून इतक्या लांब आलो, ही फुशारकी मी आजवर माझ्या एकट्याचीच समजत होतो.

"फेब्रुवारीत शाळेच्या उंबऱ्यावर पहिलं ऊन पडलं की मास्तर अख्ख्या गावाची हजेरी घ्यायचे," त्या म्हणाल्या. "जे लांब गेलेत त्यांचंही नाव पुकारायचं. त्यांच्या वतीने घरचं कुणीतरी 'हजर' म्हणायचं. गेलेल्याचं नाव पटावरून कधी काढलं नाही आम्ही." मग म्हणाल्या, "आता नऊ घरांत माणसं आहेत. शाळा बंद. ते ऊन उंबऱ्यावर पडताना मला पुन्हा एकदा बघायचं होतं."

"बघाल," मी म्हणालो. इरेला पेटलो की मी कुणाला आवरत नाही.

तीन आठवडे आम्ही राबलो. फुटक्या फरशीच्या तुकड्यांची छपरं केली, उतारावर अळीव पेरले. पुण्याहून आणलेले मावळे गावकरी झाले. एकाच्या पगडीत अनिकाने तीन पिसं चिकटवली. स्पर्धेच्या सकाळी सगळं हॉलमध्ये मांडलं आणि आजींना खुर्ची दिली.

आजी बराच वेळ बघत राहिल्या. "फार सुंदर," त्या म्हणाल्या. "पण म्हातारा कुठे आहे?"

म्हातारा मी गाळला होता. किल्ला करणाऱ्याचा पहिला धडा असा की महादरवाजा बघणाऱ्यांकडे हवा. दरवाजासमोर डोंगर कोण उभा करतो?

"तो समोर ठेवला तर परीक्षकांना गाव दिसणारच नाही," मी अनिकाला मराठीत म्हणालो. "नंबर जाईल."

"म्हातारा नसेल तर ते ऊन कशाच्या मागून येणार, बाबा? दॅट्स चीटिंग."

मला राग आला. पोरगी बरोबर बोलत होती, म्हणूनच आला. परीक्षक यायला तासभर होता. गाडीतून उरलेली माती आणली, खोकी रचली, त्यावर गोणपाट घातलं आणि माझ्या सुंदर गावासमोर माझ्याच हाताने हा भलामोठा डोंगर उभा केला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. आजींची खुर्ची डोंगराच्या आत, गावाच्या कडेला, शाळेचा उंबरा दिसेल अशी सरकवली.

परीक्षक पुरुषोत्तम काका आले. सांगलीला तीस वर्षं हेडमास्तर होते, आता इथेच मुलाकडे असतात.

"शशिकांत, यंदा नुसता डोंगर?"

"काका, बाजूने गावाकडे या ना, प्लीज," अनिका म्हणाली, आणि तिने त्यांना पिसांची, सत्त्याऐंशी दिवसांची आणि हजेरीची सगळी गोष्ट भराभर सांगितली. काका गुडघे सांभाळत गावाच्या बाजूला आले आणि आजींच्या शेजारी उभे राहिले. मी हॉलचे दिवे घालवले. म्हाताऱ्याच्या पाठीमागून अनिकाने टॉर्च हळूहळू वर चढवला. आधी चर्चचा कळस उजळला, मग छपरं, मग ऊन सरकत खाली आलं आणि शाळेच्या उंबऱ्यावर थांबलं.

पुरुषोत्तम काकांनी घसा साफ केला आणि हेडमास्तरांच्या खणखणीत आवाजात पुकारलं, "ओदील!"

आजींचे ओठ हलले, पण आवाज फुटेना. डोळे वाहत होते. काका थांबले. पुन्हा पुकारलं, "ओदील!"

अनिकाने टॉर्च हलू दिला नाही. माझी इंग्रजीत उत्तरं देणारी पोरगी म्हाताऱ्यामागून ओरडली, "हजर!"

पहिला नंबर मंडळातल्याच शैलेंद्रच्या रायगडाला गेला. आमचा तर तिसराही आला नाही. कुणी विचारलं नाही तरी मी हे सांगतो.