समोर बघा, काका

"सरका रे जरा, वहिनीला पुढे बसू द्या," नणंद म्हणाली, तशी शेजाऱ्यांनी अंग चोरून जागा केली. आज टीव्हीवर तिचा वेल्डर नवरा दिसणार होता. छातीच्या दुखण्यानं तो गेल्याला महिना उलटला होता. बंद पडलेल्या कारखान्यातल्या माणसांवरचा तो कार्यक्रम त्याआधीच त्यांच्या घरी चित्रित झाला होता.

चित्रीकरणाच्या दिवशी त्यानं नुसती धमाल उडवून दिली होती. फोरमनच्या, मॅनेजरच्या नकला केल्या. कॅमेरावाली पोरगी हसून हसून खाली बसली.

"काका, तुम्ही टीव्हीतच जायला हवं होतं!"

"अगं, टीव्हीला मी झेपायला नको?"

बायकोला तेवढंच ऐकायचं होतं. त्याचा आवाज आता घरात कुठेच शिल्लक नव्हता.

कार्यक्रम सुरू झाला. वेल्डर पायरीवर गप्प बसलेला. निघताना टीव्हीवाल्यांनीच सांगितलं होतं, "काका, मिनिटभर नुसते समोर बघा." मागे रडवं संगीत. मग खिडकीतली दारूची चपटी बाटली दिसली आणि एक भारदस्त आवाज म्हणाला, "काम सुटलं, आणि बाटली जवळ आली."

"अहो, त्यात फिनेल असतं!" लेक ओरडली. "भंगारवाल्याकडून आणलेली बाटली ती! बाबांनी आयुष्यात थेंबाला तोंड लावलं नाही!"

तोवर पडद्यावर दुसऱ्याच कुणाचं घर आलं होतं. नकला नाहीत, हसू नाही. शेजारी एकेक करून उठले. वरच्या मजल्यावरच्या म्हातारीनं बायकोच्या डोक्यावरून हात फिरवला.

"सोसलंस हो बाई. कधी कुणाला कळू दिलं नाहीस."

"सोसण्यासारखं काही नव्हतंच हो," ती म्हणाली. म्हातारी समजुतीनं मान हलवत निघून गेली. ते मान हलवणं तिच्या काळजाला घरं पाडून गेलं.

"उद्या दुपारी परत दाखवणार आहेत मेले," लेक रडत म्हणाली. "वायरच उपटून टाकते."

"राहू दे."

दुसऱ्या दिवशी लेक कामावर गेल्यावर तिनं दार लावून घेतलं. टीव्ही लावला, आवाज पार बंद केला आणि अगदी पुढ्यात जाऊन बसली. पायरीवर तो आला. शर्टाचं वरचं बटण नेहमीसारखं उघडंच.

"लावा की हो ते," ती हळूच म्हणाली.